सर्वानुमते मंजूर

26 जानेवारी 2023 रोजी आमच्या गावची ग्रामसभा झेंडावंदन आटोपल्यावर ग्रामपंचायतीच्या पत्र्याच्या शेडमध्ये भरली. ते दिवस कापसाच्या वेचणीचे होते, तूर सोंगून ढिगावर पडली होती, त्यामुळे बहुतेक बाया शेतात होत्या आणि सभेला आलेल्यांत आमच्यासारखे पगारदार, निवृत्त मंडळी आणि पुढच्या निवडणुकीवर डोळा ठेवून असलेले तरुण यांचाच भरणा अधिक होता. विषयपत्रिकेवर सातव्या क्रमांकाला गावाच्या पश्चिमेकडील वस्तीचे नाव बदलण्याचा ठराव होता. जातिवाचक नावे असलेल्या वस्त्यांना आणि रस्त्यांना समतानगर, भीमनगर, ज्योतीनगर, शाहूनगर, क्रांतीनगर अशी नावे द्यावीत, असा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने डिसेंबर 2020 मध्ये घेतला होता. तो आमच्या गावात पोहोचायला दोन वर्षे लागली. ठराव वाचून झाला, 'क्रांतीनगर' हे नाव पुढे आले, हात वर झाले आणि वहीत 'सर्वानुमते मंजूर' अशी नोंद झाली. हात वर करणाऱ्यांत मी होतो, आणि एका चांगल्या कामाला आपला हात लागला या समाधानात मी घरी आलो.

त्या वस्तीचे जुने नाव मी येथे लिहिलेले नाही, पुढेही लिहिणार नाही. ते का लिहीत नाही याचा विचार करता करताच हा लेख झाला आहे.

संध्याकाळी पानठेल्यावर त्याच वस्तीतले एक काकाजी भेटले. त्यांनी आयुष्यभर सालदारकी केली. माझ्या वडिलांच्या शेतातही काही वर्षे ते होते. मी त्यांचे अभिनंदन केले. ते थोडा वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, "नाव बदललं थे चांगलंच झालं, मास्तर. पन आमाले कोनं इचारलं? आमच्या पोट्ट्याइनं भीमनगर नावाचा अर्ज देल्ला होता, थो कुठी गेला?" मी विचारले, "मग काकाजी, तुम्ही हात कशाला वर केला?" ते म्हणाले, "सगळ्याइनं केला. म्या एकट्यानं खाली ठेवला असता तं तुमीच म्हनले असते, का याले जुनंच नाव पाह्यजे."

मी तालुक्याच्या कनिष्ठ महाविद्यालयात मानसशास्त्र शिकवतो. समूहाच्या दबावावरचा धडा मी दरवर्षी शिकवतो, आणि त्यातले सॉलोमन ॲश यांचे प्रयोग मला तोंडपाठ आहेत. 1951 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या प्रयोगांत एका कार्डावर एक रेषा आणि दुसऱ्यावर तीन रेषा असत, आणि पहिल्या रेषेएवढी लांब रेषा कोणती एवढेच सांगायचे असे. खोलीतले बाकीचे सगळे प्रयोगकर्त्याशी संगनमत केलेले असत आणि ठरलेल्या फेऱ्यांत ते एकमुखाने चुकीचे उत्तर देत. अशा फेऱ्यांत खऱ्या सहभागींनी दिलेल्या उत्तरांपैकी सुमारे एक तृतीयांश उत्तरे समूहाच्या चुकीमागे गेली, आणि जवळजवळ तीन चतुर्थांश लोक निदान एकदा तरी डोळ्यांना दिसणारे सोडून समूहासोबत गेले. हे आकडे विद्यार्थ्यांना आवडतात. मला स्वतःला मात्र त्यापुढचे दोन प्रकार अधिक महत्त्वाचे वाटतात. खोलीत खरे बोलणारा एक जरी माणूस सोबतीला मिळाला, तरी समूहामागे जाण्याचे प्रमाण एकदम खाली येई. आणि उत्तर मोठ्याने सांगण्याऐवजी कागदावर लिहायला दिले, तरीही ते घटे.

काकाजींची अडचण ॲश यांच्या खोलीतल्या माणसापेक्षा अवघड होती. रेषेबाबत वेगळे उत्तर देणारा फार तर चुकला असे ठरले असते. काकाजींनी हात खाली ठेवला असता, तर ते जे म्हणत होते त्याच्या नेमका उलट अर्थ त्यांच्या माथी मारला गेला असता. नाव बदलायला त्यांची हरकत नव्हतीच. न विचारता बदलायला होती. पण हात वर आणि हात खाली या दोनच खुणा असलेल्या सभेत ही हरकत मांडायला जागा नव्हती. मनातली पसंती एक आणि चारचौघांत दाखवलेली पसंती दुसरी, या प्रकाराचा अर्थशास्त्रज्ञ तिमूर कुरान यांनी 1995 मध्ये सविस्तर अभ्यास मांडला. त्यांचे म्हणणे असे की प्रत्येकजण इतरांच्या वर गेलेल्या हाताकडे पाहून आपला हात वर करतो आणि अशा रीतीने कोणालाच मनापासून नको असलेली गोष्टही वर्षानुवर्षे सर्वांची म्हणून टिकू शकते. आपल्याकडे हे शासनालाही कळलेले दिसते. दारूचे दुकान बंद करण्यासाठी बायांचे मतदान घेतात, तेव्हा ते चिठ्ठीवर, गुप्त घेतात. उभी बाटली की आडवी बाटली, हे नवऱ्यासमोर हात वर करून ठरवायला लावले असते तर किती बाटल्या आडव्या झाल्या असत्या, याचा अंदाज ज्याचा त्याने करावा.

कोणाला दुखावणारे शब्द टाळण्याच्या ज्या आग्रहाला शहरात पोलिटिकल करेक्टनेस म्हणतात, त्याला आमच्या गावात शब्द नाही. त्याबद्दलची तक्रार मात्र आहे, आणि ती 'आजकाल काही बोलाची सोयच नाई राह्यली' या एका वाक्यात पानठेल्यावर रोज ऐकू येते. मला या तक्रारीबद्दल फारशी सहानुभूती नाही, कारण ती करणाऱ्यांना पूर्वी जी सोय होती तिची किंमत दुसऱ्यांनी मोजलेली असते. जातीचे नाव शिवीसारखे वापरणे, लंगडणाऱ्या मुलाला त्याच्या पायावरून हाक मारणे, मूल नसलेल्या बाईला बारशाच्या दारातून परत पाठवताना एक शब्द पुटपुटणे, ही सगळी बोलण्याची सोयच होती. ती गेली तर बरेच झाले. माझा प्रश्न वेगळा आहे: ही सोय काढून घेताना आपण काय करतो, आणि ते करताना आपल्याला नेमका कशाचा आनंद होतो?

शब्द कोणी दिला आणि कोणी घेतला, यावर फार काही अवलंबून असते, हे विदर्भाला नव्याने सांगण्याची गरज पडू नये. गांधीजींनी 'हरिजन' हा शब्द प्रचारात आणला आणि 1933 मध्ये त्याच नावाचे साप्ताहिक सुरू केले. शब्दात अपमान नव्हता. देणाऱ्याच्या मनातही नव्हता. तरीही 1938 मध्ये मुंबई विधानसभेत तो कायद्याच्या भाषेत घालण्याचा प्रयत्न झाला, तेव्हा डॉ. आंबेडकर आणि त्यांच्या पक्षाच्या सदस्यांनी आक्षेप घेतला, आणि तो मानला गेला नाही म्हणून त्यांनी सभात्याग केला. ज्यांचे नाव ठेवायचे त्यांनाच त्यात मत नसेल, तर गोड नावही वरूनच पडते. (नाव बदलण्याचा एक अगदी निरुपद्रवी दाखलाही वर्ध्याजवळच आहे. गांधीजी 1936 मध्ये ज्या गावी राहायला गेले त्याचे नाव शेगाव होते. बुलढाणा जिल्ह्यातील गजानन महाराजांच्या शेगावाशी टपालाचा घोटाळा होऊ लागला, म्हणून 1940 मध्ये त्याचे सेवाग्राम झाले. पत्रे नीट पोहोचू लागली. त्या नावाबद्दल कोणाला कोणी दरडावल्याचे माझ्या वाचनात नाही.)

आमच्या क्रांतीनगराचे मात्र तसे झाले नाही. ठरावानंतर दोन-तीन महिन्यांनी वस्तीतल्या एका म्हाताऱ्या मावशी वारल्या. त्यांच्या नातवाने गावाच्या व्हॉट्सॲप गटात निरोप टाकला आणि अंत्ययात्रा कोठून निघेल हे सांगताना वस्तीचे जुने नाव लिहिले. तो त्याच वस्तीत वाढलेला, त्या रात्री आजी गेलेली, आणि ते नाव त्याच्या पत्त्याचा भाग. दहा मिनिटांत गावातल्या एका उत्साही तरुणाने त्याला सगळ्यांसमोर खडसावले: शासनाने बंद केलेला शब्द वापरणे हा समाजाचा अपमान आहे, ताबडतोब माफी मागावी. नातवाने काही उत्तर दिले नाही, तेव्हा त्याला गटातून काढून टाकण्यात आले. हा तरुण त्या वस्तीतला नव्हता. जवळजवळ तीस जणांनी त्याच्या निरोपाखाली अंगठे उमटवले. श्रद्धांजलीचे निरोप त्यांच्या खाली कोठेतरी दबले.

त्याच तरुणाने त्याच वर्षी, गावातल्या एका मुलीने दुसऱ्या जातीतल्या मुलाशी पळून जाऊन लग्न केले तेव्हा, मुलीच्या घरच्यांशी कोणी व्यवहार ठेवू नये असे पारावर बसून सांगितले होते. महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा 2016 साली केला असून त्यात 3 वर्षांपर्यंत कैदेची तरतूद आहे, हे एका वकिलाने त्याच्या कानावर घातले, म्हणून प्रकरण तेथेच थांबले. मला बरेच दिवस या दोन गोष्टींचा मेळ लावता येत नव्हता. जो माणूस जातिवाचक शब्द लिहिला म्हणून एकाला गटाबाहेर काढतो, तोच जात मोडली म्हणून दुसऱ्याला गावाबाहेर काढायला निघतो, हे कसे? मी त्याला ढोंगी म्हणून मोकळा झालो होतो. आता तसे वाटत नाही. त्याच्या दृष्टीने त्याने दोन्ही वेळा एकच काम केले.

हुकूमशाही वृत्तीच्या मानसशास्त्राची सुरुवात साधारणपणे 1950 पासून धरतात. थिओडोर अडोर्नो, एल्स फ्रेंकेल-ब्रुन्सविक, डॅनियल लेव्हिन्सन आणि नेव्हिट सॅनफर्ड या चौघांनी त्या वर्षी कॅलिफोर्नियातील बर्कली येथे केलेले संशोधन प्रसिद्ध केले. हिटलर पडून पाचच वर्षे झाली होती, आणि सामान्य माणूस अशा राजवटीला आतून का तयार असतो हे त्यांना शोधायचे होते. त्यांनी एक प्रश्नावली केली, पण तिच्यात एक ढोबळ दोष राहून गेला: सगळी विधाने एकाच दिशेची होती, त्यामुळे कशालाही 'हो' म्हणण्याची सवय असलेला माणूस आपोआप हुकूमशाही वृत्तीचा ठरे. हे वाचताना मला हसू आले होते. आमच्याकडे टॅब घेऊन सर्वेक्षणाला येणाऱ्या मुलामुलींना शेतकरी अशीच उत्तरे देतात. "हो बाप्पा, हो. लिव्ह तू. बैल सोडाचे हायेत मले." शेतकऱ्याच्या त्या 'हो'चा अर्थ वृत्तीत शोधू नये, तो बैलांच्या वेळेत शोधावा.

पुढे कॅनडातील मॅनिटोबा विद्यापीठाच्या बॉब अल्टेमायर यांनी हा दोष काढून 1981 मध्ये नवी मांडणी केली. तीन गोष्टी एकत्र आढळल्या तर ती हुकूमशाही वृत्ती, असे त्यांनी म्हटले: जे अधिकारी मान्य आहेत त्यांच्यापुढे सहज वाकणे, त्या अधिकाऱ्यांनी बोट दाखवलेल्यांवर त्वेषाने तुटून पडणे, आणि रूढ चालीरीती सर्वांनी पाळल्याच पाहिजेत असा आग्रह. यांपैकी पहिल्या गोष्टीबद्दल आपल्याकडे फार आधी आणि फार नेमके बोलले गेले आहे. 25 नोव्हेंबर 1949 रोजी संविधान सभेतील भाषणात डॉ. आंबेडकरांनी बजावले होते की धर्मातली भक्ती कदाचित मुक्तीकडे नेईल, राजकारणातली भक्ती मात्र अधोगतीकडे आणि शेवटी हुकूमशाहीकडे नेल्याशिवाय राहत नाही. दुसरी गोष्ट, तो त्वेष, मला अधिक भीतीदायक वाटते, कारण त्यात माणसाला आपण चांगले काम करत आहोत असे वाटत असते. स्वतःच्या रागाने मारणाऱ्याला कधीतरी लाज वाटते; नियमाच्या वतीने मारणाऱ्याला ती वाटण्याचे कारणच उरत नाही.

आता त्या तरुणाकडे पुन्हा पाहू. एकदा त्याच्यासाठी नियम शासनाचा होता, एकदा पाराचा. दोन्ही वेळा तो नियमामागे उभा राहिला, दोन्ही वेळा त्याला चुकणारा माणूस सापडला आणि दोन्ही वेळा त्याने शिक्षा म्हणून त्या माणसाला बाहेर काढले, किंवा काढायला निघाला. कॅरेन स्टेनर या संशोधिकेने 2005 मध्ये मांडले की ही वृत्ती एरवी झोपलेली असते. आपल्या समूहाची एकी, एकसारखेपणा धोक्यात आहे अशी जाणीव झाली की ती जागी होते. आमच्या भाषेत याला 'गावाची एकी' म्हणतात. हा शब्द मी ज्या ज्या वेळी मोठ्याने उच्चारलेला ऐकला, त्या त्या वेळी कोणाला तरी गप्प बसवले जात होते.

अमेरिकेतील निवडणूक-अभ्यासात ही वृत्ती मोजण्यासाठी 1992 पासून चार साधे प्रश्न विचारले जातात, आणि त्यांत राजकारणाचा एक शब्दही नाही. मुलात काय असावे: स्वतंत्रपणा की मोठ्यांचा मान, जिज्ञासा की शिष्टाचार, स्वावलंबन की आज्ञाधारकपणा, दुसऱ्याची जाण की नीट वागणूक? मी हे प्रश्न घरी विचारले. माझी चारही उत्तरे पुस्तकी निघाली, आणि त्याबद्दल मला थोडा अभिमानही वाटला. पत्नीने तिसऱ्या प्रश्नावर मला थांबवले. ती म्हणाली, "पोरगं विहिरीच्या काठावर असलं तर ऐकणारं पाहिजे, शाळेत असलं तर विचारणारं पाहिजे. तुमच्या कागदात विहीर आहे का?" विहीर नव्हती. जेथे चार पिढ्या एका चुलीवर जेवतात, वखर-डवरणीची वेळ चुकली तर वर्ष जाते आणि मुलांच्या हातांवाचून काम उरकत नाही, तेथे 'ऐकणे' या शब्दात भीतीसोबत भरवसाही असतो. हे प्रश्न निरुपयोगी आहेत असे मी म्हणणार नाही, पण आमच्या गावाला ते जसेच्या तसे लावून गावाचा निकाल लावायला मी तयार नाही.

हे सारे संशोधन प्रामुख्याने परंपरेच्या बाजूच्या हुकूमशाहीचे झाले. दुसऱ्या बाजूचे काय, हा प्रश्न एडवर्ड शिल्स यांनी 1954 मध्येच विचारला होता, आणि मिल्टन रोकीच यांनी 1960 मध्ये बंद मन हे कोणत्याही विचारसरणीत असू शकते असे मांडून त्याची वेगळी मोजपट्टी केली होती. पण पुढची कित्येक दशके हा प्रश्न वळचणीलाच राहिला. 2022 मध्ये थॉमस कॉस्टेलो आणि सहकाऱ्यांनी डाव्या बाजूच्या हुकूमशाही वृत्तीचा पद्धतशीर अभ्यास प्रसिद्ध केला. प्रस्थापितांवर तुटून पडण्याची ओढ, न पटणारी मते वरून बंद करण्याची इच्छा आणि जुन्या मूल्यांचा सरसकट तिरस्कार, अशी तिची तीन अंगे त्यांना आढळली. त्याआधी 2020 मध्ये ऑस्ट्रेलियातील जॉर्डन मॉस आणि पीटर ओकॉनर यांनी पोलिटिकल करेक्टनेसचेच दोन प्रकार वेगळे काढून तपासले होते. एकात दुबळ्यांबद्दलची कणव आणि भाषेतली काळजी प्रमुख असते, दुसऱ्यात बंदी आणि शिक्षेचा आग्रह. दुसऱ्या प्रकारचा, तसेच त्याच्या अगदी विरुद्ध टोकाच्या गौरवर्णीय अस्मितावादाचा, आत्मप्रौढी, कावेबाजपणा आणि निष्ठुरता या स्वभावगुणांशी संबंध दिसला. पहिल्या प्रकाराशी ते नाते तसे ठळक नव्हते. लोकांनी स्वतःबद्दल भरून दिलेल्या प्रश्नावल्यांवर हे आधारलेले आहे, त्यामुळे ते दगडावरची रेघ मानू नये. पण मला व्हॉट्सॲप गटाचे कोडे उलगडायला त्याची मदत झाली, आणि त्याच वेळी एक अस्वस्थ करणारी आठवणही वर आली, कारण नको त्या शब्दांसाठी दंडाची एक पेटी मी स्वतः वर्गात चालवली होती.

त्याला आता आठ-नऊ वर्षे झाली. अकरावीच्या वर्गात मुले एकमेकांना जातीवरून, रंगावरून, व्यंगावरून हाका मारतात हे मला सहन होईना, म्हणून मी फळ्याशेजारी 23 शब्दांची यादी लावली आणि शब्द उच्चारला की 2 रुपये असा दंड ठेवला. पहिल्या आठवड्यात 38 रुपये जमले, दुसऱ्यात 10, तिसऱ्यात शून्य. मी शिक्षकांच्या खोलीत हे आकडे अभिमानाने सांगितले. पुढे कळले ते असे की यादी लागली त्याच दिवशी मुलांनी पर्यायी यादी तयार केली होती. एका पायाने अधू असलेल्या मुलाला आता 'एक्स्प्रेस' म्हणत. 2015 च्या शेवटी पंतप्रधानांनी सुचवलेला 'दिव्यांग' हा शब्द सरकारी कागदांत नुकताच रुळत होता आणि मी तो मुद्दाम शिकवला होता. तोच आता चेंडू सुटला की "ए दिव्यांग" असा मैदानावर ऐकू येई. नवा सभ्य शब्द काही काळाने जुन्याइतकाच काळवंडतो, कारण त्यामागची नजर बदललेली नसते, हे मानसशास्त्रज्ञ स्टीव्हन पिंकर यांनी 1994 मध्ये लिहिले होते. आमच्या मुलांनी काही वर्षांचे काम सहा आठवड्यांत उरकले.

2011 मध्ये टोरांटो येथे लिसा लेगॉल्ट आणि सहकाऱ्यांनी एक प्रयोग केला, आणि तो मी पेटीच्या आधी वाचला असता तर बरे झाले असते. पूर्वग्रह कमी करण्यासाठी त्यांनी दोन पत्रके केली. एकात पूर्वग्रह सोडल्याने स्वतःला काय लाभते, हा निर्णय आपला कसा आहे, अशी मांडणी होती. दुसऱ्यात असे वागलेच पाहिजे, नाहीतर लोक नावे ठेवतील, असा सूर होता. दुसरे पत्रक वाचणाऱ्यांत पूर्वग्रह वाढलेला आढळला, आणि काहीच न वाचणाऱ्यांपेक्षाही तो अधिक होता. माझी पेटी म्हणजे दुसरे पत्रकच होते, आणि त्याला कुलूपही होते. याचा अर्थ दंड, नियम, कायदे नकोत असा काढणाऱ्यांशी मात्र मी सहमत नाही. अत्याचाराला शिक्षा हवीच. ज्याच्या अंगावर काठी येते त्याने मारणाऱ्याचे मन बदलेपर्यंत थांबावे, असे म्हणण्याचा अधिकार मला नाही. मी बोलत आहे ते जिभेवरच्या पहाऱ्याबद्दल, आणि तो पहारा करणाऱ्याला त्यात जी गोडी लागते तिच्याबद्दल. मला ती लागली होती. कोणी शब्द उच्चारतो का याकडे माझे कान लागलेले असत, आणि उच्चारला की मला बरे वाटे.

गडचिरोली जिल्ह्यातील धानोरा तालुक्यात मेंढा हे गोंडांचे गाव आहे. 'दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही घोषणा त्याच गावाची. त्या गावाबद्दल लिहिणारे वनहक्कांबद्दल लिहितात, आणि ते योग्यच आहे, पण माझे लक्ष त्यांच्या सभेच्या रीतीवर खिळले. तेथे निर्णय बहुमताने होत नाहीत, सर्वसहमतीने होतात, म्हणजे एकाची हरकत असेल तर विषय पुढे जात नाही, पुन्हा चर्चेला येतो. शिवाय चर्चा करणारा अभ्यासगट वेगळा आणि निर्णय घेणारी ग्रामसभा वेगळी. अभ्यासगटात काही ठरवायचे नसते, म्हणून तेथे बोलताना हात वर की खाली याची धास्ती नसते. शब्द पाहिले तर आमच्या वहीतले 'सर्वानुमते' आणि त्यांची 'सर्वसहमती' यांत फरक दिसत नाही. पण त्यांच्या सभेत काकाजींची हरकत मोडता ठरली नसती. सभा तिच्यापाशी थांबली असती.

पेटी बंद करण्याच्या दिवसाबद्दल सांगायचे राहिले. यादी मी फळ्याशेजारून काढली आणि मुलांना म्हणालो की आता तुम्ही ठरवा, वर्गात कोणते शब्द नकोत ते चिठ्ठीवर लिहून पेटीत टाका, नाव लिहू नका. दुसऱ्या दिवशी मी पेटी उघडून चिठ्ठ्या मोठ्याने वाचू लागलो. बहुतेक अपेक्षित होत्या. मग एक चिठ्ठी निघाली आणि तिच्यावर तीन ओळी होत्या: 'ढ. गावठी. तुझ्या बापाने शेण काढलं, तूही तेच कर. हे शब्द सर म्हणतात.'

माझा चेहरा तापल्याचे मला जाणवले. मी चिठ्ठी उलटी ठेवली आणि विचारले, "हे कोणी लिहिलं?" प्रश्न तोंडातून निघून गेला होता. अक्षर मी ओळखले होते; सहा महिने मी त्या मुलीच्या वह्या तपासत होतो. ती तिसऱ्या बाकावर बसून वहीकडे पाहत होती. शेजारच्या मुली वहीकडे पाहत होत्या. मागच्या बाकांवरचे मुलगेही, ज्यांच्या माना एरवी वर्गात कधी खाली जात नसत, वहीकडेच पाहत होते. पंचाहत्तर मुलांच्या त्या वर्गात तास संपेपर्यंत कोणी काही बोलले नाही, आणि मीही दुसरी चिठ्ठी उघडली नाही.